उताणं

इन्व्हरकार्गिलमधल्या त्या हिवाळ्यात
माझं काम एवढंच होतं : गाडीच्या मागच्या सीटवर
वजनकाट्याची कापडी झोळी सांभाळायची
आणि एल्स्पेथ रेनी काय सांगतात ते ऐकून शिकायचं.

एकतीस वर्षं त्या घरोघर जात होत्या.
दक्षिणेच्या वाऱ्यानं एकाच अंगाला झुकलेली झाडं,
मेंढ्या, पत्र्याची छपरं, दारात चिखलाचे बूट.
आत एक नवी आई, एक नवं बाळ
आणि रेनीबाईंचे हात :
पालथं असं ठेवायचं, मान अशी कलती,
दूध ओकलं तर घशात अडकत नाही.
आणि बाळ खरोखरच गाढ झोपायचं,
म्हणून कुणी कधी काही विचारलं नाही.

जुलैत पत्र आलं. दोन पानं, एक तक्ता.
पालथी निजणारी बाळं
जास्त संख्येनं सकाळी उठत नाहीत,
असं त्यात लिहिलं होतं, याहून कोरड्या शब्दांत.
बाईंनी चष्मा पुसला,
पत्र ड्रॉवरमध्ये टाकलं,
वर बिस्किटांचा डबा ठेवला.
"विद्यापीठातल्या पोरांनी किती लंगोट बदललेत?"
मी हसले.
ते हसू मला अजून आठवतं.

पुढचे अकरा दिवस त्या पालथंच सांगत राहिल्या.
पालथ्या घड्यावर पाणी, मला वाटलं.
चूक माझी होती. पाणी आत जात होतं.
रात्री जात होतं.

बाराव्या सकाळी टेबलावर सगळ्या वह्या होत्या,
एकोणसाठ सालापासूनच्या,
निळी शाई, मुंगीसारखं अक्षर,
आणि पानांतून डोकावणारे लोकरीचे धागे.
मी ते मोजले. नऊ.
बाईंनी मोजले नाहीत, त्यांना पाठ होते.

"यातलं कुठलं माझ्यामुळे
हे कुणालाच सांगता येणार नाही," त्या म्हणाल्या.
"एखादं नक्की माझं असतं
तर त्याच्यापाशी बसून रडता तरी आलं असतं."
मग कोटाची बटणं लावत,
माझ्याकडे न बघता,
"हे पत्र खोटं निघावं म्हणून वाट बघण्यात
मी चार घरं केली. आधी त्या चार घरी जाऊ."

गेलो. चारही बाळं होती. एक तर शिंकत होतं.

मग नायरी टिपेनेच्या दारात.
तिच्या तामाचा धागा तपकिरी होता,
सहा वर्षांपूर्वीचा.
बाईंनी उभ्या-उभ्याच सांगितलं,
मी जे सांगत होते ते चुकीचं होतं,
मला ते माहीत नव्हतं,
आणि कळल्यावरही मी अकरा दिवस गप्प राहिले.
तिन्ही वाक्यं. एकही गाळलं नाही.

शेगडीवर किटली शिट्टी घालत होती.
नायरीनं ती उतरवली नाही.
खूप वेळानं म्हणाली,
"तुम्ही सांगितलं ते मी माझ्या बहिणीलाही सांगितलं.
तिला मुलगी झालीय. मंगळवारी."

माफ केलं, असं ती म्हणाली नाही.
आत जाऊन तिनं कोट घातला,
किटली आता उतरवली,
आमच्या गाडीत पुढच्या सीटवर बसली
आणि तेवीस मैल
डावीकडे, उजवीकडे, सरळ,
एवढंच बोलली.

बहिणीच्या घरी पाळण्यात मेंढीचं कातडं अंथरलेलं,
त्यावर मूठभर मुलगी.
रेनीबाईंनी तिला उचललं, पुन्हा ठेवायला वाकल्या,
आणि मी पाहिलं :
हात आपसूक पालथेच वळले.
एकतीस वर्षांचे हात ते.
बाई हवेतच थांबल्या,
बाळ दोन्ही तळव्यांवर तोलून,
जसं काही पहिल्यांदाच धरलंय.

मग उताणं ठेवलं.
मुलगी दचकली, दोन्ही हात फाकले,
कधी न पाहिलेलं छत बघून
तिनं जोरात भोकाड पसरलं.

"सुरुवातीला आवडत नाही," रेनीबाई म्हणाल्या,
तिच्या पोटावर हात ठेवून,
आईला की नायरीला, कुणाला कोण जाणे.
"मलाही नाही आवडलं."